शेरूच्या कुंपणाची वायर

ती. आप्पा आणि आईस,
सा. नमस्कार.

आप्पा, आपल्या कुत्र्याला, शेरूला, हद्दीत ठेवणारी जी वायर जमिनीत पुरली आहे, तिच्या डब्यातून टीं-टीं आवाज येतोय, डब्यावरचा एक दिवा विझलाय आणि शेरू पार रस्त्यापर्यंत जाऊन येतोय, हे तुम्ही फोनवर सांगितल्यापासून जिवाला चैन नाही. बऱ्हाणपूर-अंकलेश्वर रस्त्यावर केळीचे ट्रक कसे पळतात ते मला ठाऊक आहे. दुरुस्ती होईपर्यंत त्याला साखळीला बांधा. त्याला रागावू नका मात्र. हद्दीजवळ गेलं तरी गळ्यातला पट्टा वाजत नाही, एवढंच त्याच्या ध्यानात आलंय.

शेजारच्या काकांनी ही वायर शेताच्या कुंपणाच्या झटका मशीनला जोडायला सांगितली, असं आई म्हणाली. ते अजिबात करू नका. झटका मशीनची तार उघडी असते आणि झटका त्या तारेतच असतो. आपल्या जमिनीतल्या वायरमधून फक्त हलकीशी रेडिओ लहर फिरते. शेरूच्या गळ्यातला पट्टा ती ओळखतो, आधी वाजतो आणि मग झटका देतो, तोही पट्ट्यातल्याच सेलवर. झटका मशीन जोडलं तर डबा जळेल आणि शेरूला काहीच कळणार नाही. आणि कोणी थेट बोर्डावरची लाईट सोडायला सांगितली तर त्याला दारातूनच परत पाठवा. रानडुकरांसाठी तारेत लाईट सोडून शेतकऱ्यांचेच जीव गेले आहेत. नुसतं आठवलं तरी पोटात गोळा येतो.

आता बिघाड. दिवा गेला आणि डबा ओरडतोय, म्हणजे बहुतेक वायर कुठेतरी तुटली आहे. पण कुदळ उचलायच्या आधी डबा तपासा. प्लग काढा. डब्यात गेलेली वायरची दोन्ही टोकं सोडवा. हातभर वायरचा तुकडा घेऊन त्याची टोकं त्याच दोन भोकांत बसवा आणि प्लग लावा. दिवा लागला आणि आवाज थांबला तर डबा ठणठणीत आहे, दोष जमिनीत आहे. तरीही दिवा लागला नाही तर डबाच गेला, मग खणण्यात अर्थ नाही.

जमिनीत शोधायचं तर सगळीकडे खणू नका, आप्पा. तुमचे गुडघे आणि हे ऊन, दोन्ही मला माहीत आहेत. वायर दोन-तीन बोटंच खोल आहे. उन्हाळ्यात आपली काळी जमीन अशी फाटते की भेगेत हात जातो. जमीन आकसली की वायर ताणली जाते आणि जिथे जोड आहे तिथे आधी सुटते. म्हणून पहिल्यांदा मोटारीच्या खोलीजवळचा जोड उकरा, तिथे नुसती काळी टेप गुंडाळलेली आहे. मग फाटकाखालून वायर जाते ती जागा, आणि नवीन ठिबकसाठी चारी खोदली तिथे. घुशीची बिळं दिसली तर तिथेही बघा.

एवढ्यानेही सापडलं नाही तर वायरमनला बोलवा आणि अर्धं-अर्धं करून शोधायला सांगा. मोटारीजवळचा जोड सोडायचा, तिथून जमिनीवरूनच एक जादा वायर डब्यापर्यंत आणायची आणि अर्ध्याच वायरचा फेरा पूर्ण करायचा. दिवा लागला तर ते अर्धं चांगलं. मग उरलेल्याचं पुन्हा अर्धं. हात लावताना दरवेळी प्लग काढलेला हवा. जोडाला टेप नको, ओल शिरली की पुन्हा सुटेल. जेल भरलेले पाणी न शिरणारे जोड मिळतात, ते मी कुरिअरने पाठवते.

वळवाचा पाऊस येईल तेव्हा वीज कडाडायच्या आतच प्लग काढत जा आणि वायरही डब्यातून सोडत जा. जवळ वीज पडली तर ती वायरमधून डब्यात शिरते.

आई, पट्ट्याचं काम तुझ्याकडे. आठ-दहा तासांवर तो गळ्यात ठेवू नकोस. रोज काढून मानेवरचे केस बाजूला करून बघ. पट्ट्याच्या आतली जी दोन टोकं झटका देतात त्यांच्याखाली कातडी लाल झाली असेल, ओलसर लागत असेल तर जखम भरेपर्यंत पट्टा घालूच नकोस. टोकं आणि कातडी यांच्यात एक बोट जाईल इतपतच आवळ. आणि रात्री शेरूला पडवीत आत घे. हे कुंपण त्याला बाहेर जाऊ देत नाही, पण बाहेरच्याला अडवत नाही. सातपुडा उशाला आहे, केळीच्या बागेत बिबट्या शिरतो.

वायर जुळली की लगेच मोकळा सोडू नका. थोडे दिवस साखळी हातात धरूनच हद्दीवरून फिरवा, हद्द दाखवणाऱ्या झेंड्या पुन्हा रोवा. आवाज आला की त्याला आत वळवा आणि शाबासकी द्या. आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, मी येतेच आहे, तेव्हा राहिलेला भाग दोघं मिळून बघू. तोवर वायरमन आला की मला व्हिडिओ कॉल लावा आणि डब्याचे दिवे दाखवा.

तुमची,
ताई