‘शब्द बदलून लिहा’ म्हणजे नेमके काय करा?

संपादक महोदय,

‘हा मजकूर वेगळ्या शब्दांत लिहा’ ही एका ओळीची सूचना प्रश्नपत्रिकेत असते, कार्यालयात वरिष्ठांकडून येते, वृत्तपत्राच्या कचेरीत प्रसिद्धिपत्रकासोबत येते आणि हल्ली संगणकालाही दिली जाते. देणाऱ्याच्या मनात पाचांपैकी काहीही असू शकते: मजकूर सोपा करा, छोटा करा, बोलीतून प्रमाण भाषेत आणा, सूर बदला किंवा मूळ लेखकाची वाक्ये जशीच्या तशी उतरवू नका. पाचही कामांची पद्धत निराळी आहे. सूचना मोघम असली की लिहिणारा यांतले एकही काम न करता वाक्य आहे तसे ठेवतो आणि एकेका शब्दाच्या जागी प्रतिशब्द बसवत जातो. मजकुराची सर्वांत जास्त नासाडी याच पद्धतीने होते. संपादन आणि मुद्रितशोधनाचे काम करणाऱ्यांना ती रोज निस्तरावी लागते, म्हणून हे पत्र.

पुराच्या दिवसांतली एक साधी सूचना घेऊ. ‘धरणातील पाण्याची पातळी वाढल्यामुळे नदीकाठच्या रहिवाशांनी सायंकाळी सहापर्यंत सुरक्षित ठिकाणी जावे, अशी सूचना देण्यात आली आहे.’ प्रतिशब्द बसवले की तिचे असे होते: ‘बंधाऱ्यातील जलाचा स्तर वृद्धिंगत झाल्याने सरितेच्या तीरावरील निवासींनी सायंकाळी सहाच्या सुमारास निर्धोक स्थळी प्रस्थान करावे, असा आदेश देण्यात आला आहे.’ भाषा जड झाली हे कोणालाही दिसेल. पण खरा धोका वेगळ्या तीन ठिकाणी आहे. बंधारा म्हणजे धरण नव्हे. ज्या नदीवर दोन्ही आहेत तिथल्या माणसाला नेमके कुठले पाणी चढले ते कळणार नाही. ‘सहापर्यंत’ ही शेवटची मुदत आहे, तर ‘सहाच्या सुमारास’ म्हटल्यावर सव्वासहाला निघालेला माणूसही स्वतःला वेळेवर समजेल. आणि सूचना व आदेश यांचे वजन एक नाही. आदेश मोडला तर कारवाई होऊ शकते.

आता हीच सूचना फारसे शब्द न बदलता लिहून पाहा. ‘नदीकाठच्या रहिवाशांनी सायंकाळी सहापर्यंत सुरक्षित ठिकाणी जावे, अशी सूचना देण्यात आली आहे. धरणातील पाण्याची पातळी वाढली आहे.’ काय करायचे ते आधी आले, कारण मागून आले, लांब वाक्याची दोन झाली. एकही प्रतिशब्द न वापरता मजकूर सोपा झाला. ‘देण्यात आली आहे’ या रचनेत सूचना कोणी दिली ते सांगितलेले नाही, हे खरे. ते नाव विचारून घ्यावे. विचारता येत नसेल तर रचना तशीच ठेवावी. ‘प्रशासनाने’ हा शब्द अंदाजाने घालणे म्हणजे मुळात नसलेली माहिती घालणे.

मराठीत शब्द बदलला की पुष्कळदा लिंग बदलते आणि पुढचे वाक्य हलते. ‘नवा रस्ता खचला, त्याच्यावर खडी टाकली’ यात रस्त्याची वाट केली तर ‘नवी वाट खचली, तिच्यावर खडी टाकली’ असे विशेषण, क्रियापद आणि सर्वनाम तिन्ही फिरवावे लागतात. विशेषण आणि क्रियापद शेजारीच असल्याने ते सहसा सुधारले जातात. चूक राहते ती दोन-तीन वाक्यांनंतरच्या ‘त्याच्या’, ‘तिच्या’ मध्ये. सामान्यरूपही वेगळे होते: रस्त्यावर, वाटेवर, मार्गावर. अमरकोश हा संस्कृतातला समानार्थी शब्दांचा प्रसिद्ध कोश. त्याचे मूळ नाव ‘नामलिंगानुशासन’ आहे, म्हणजे शब्दासोबत लिंग सांगणे हे त्या कोशाचे कामच होते. मात्र संस्कृतातले लिंग मराठीत टिकेलच असे नाही. ‘वस्तु’ संस्कृतात नपुंसकलिंगी, मराठीत ‘वस्तू’ स्त्रीलिंगी. त्यामुळे प्रतिशब्द उचलताना मराठी शब्दकोशातले लिंग पाहिल्याशिवाय पुढे जाऊ नये.

क्रियापदांचे तर आणखी अवघड आहे. ‘तो म्हणाला’ बरोबर, पण ‘सांगणे’ घेतले की ‘त्याने सांगितले’ असे म्हणावे लागते. संगणकावर शोधा-आणि-बदला करून ‘म्हणाला’ च्या जागी ‘सांगितला’ टाकले की ‘तो सांगितला’ अशी वाक्ये छापून येतात. व्याकरण जमले तरी अर्थ वाकडा होऊ शकतो. ‘म्हणाले’ हा शब्द कोणाचीच बाजू घेत नाही. ‘दावा केला’ लिहिले की लिहिणाऱ्याला त्यात शंका आहे असे वाटते, ‘स्पष्ट केले’ मध्ये ते खरे असल्याचे गृहीत धरले जाते आणि ‘कबूल केले’ मध्ये काहीतरी दोष पदरात पडतो. तोच शब्द पुन्हापुन्हा नको म्हणून एका बातमीत हे चारही वापरले जातात. एकाच माणसाच्या तोंडची चार साधी विधाने मग चार निरनिराळ्या रंगांची होतात. ‘म्हणाले’ पाच वेळा आलेले वाचकाला खटकत नाही. पुनरुक्तीची ही भीती लिहिणाऱ्यांनी सोडावी.

पारिभाषिक शब्दांना हात लावू नये, हा नियम तोंडपाठ हवा. रोजच्या बोलण्यात बल, शक्ती, ऊर्जा, जोर, ताकद एकमेकांच्या जागी चालतात. भौतिकशास्त्रात बल, शक्ती आणि ऊर्जा या तीन वेगळ्या राशी आहेत, त्यांची एककेही वेगळी. चाल आणि वेग यांतही फरक आहे, कारण वेगाला दिशा असते. वस्तुमान किलोग्रॅममध्ये, वजन न्यूटनमध्ये. चंद्रावर वजन साधारण एक-षष्ठांश होते, वस्तुमान तेवढेच राहते. ‘स्वतःच्या शब्दांत लिहा’ म्हटल्यावर विद्यार्थी वस्तुमानाचे वजन करतो आणि बरोबर उत्तर चूक होते. कायद्याच्या मजकुरातही तेच. संशयित, आरोपी आणि दोषी हे समानार्थी नाहीत. जबरी चोरीला दरोडा म्हणता येत नाही, दरोड्यासाठी किमान पाच जण लागतात.

वाक्प्रचार आणि समास यांची गाठ सुटत नाही. ‘त्याने मला हात दिला’ म्हणजे मदत केली. हाताचा ‘कर’ केला तर त्याने पैसे भरले. डोळे आले, नेत्र येत नाहीत. पाणीपट्टीची नीरपट्टी होत नाही. वाक्प्रचार बदलायचाच असेल तर पूर्ण काढून साधे क्रियापद घालावे.

सर्वांत कमी लक्ष जाते ते लहान शब्दांकडे. ‘त्यानेच पैसे दिले’ म्हणजे दुसऱ्या कोणी नाही. ‘त्याने पैसेच दिले’ म्हणजे वस्तू वगैरे नाही, पैसे. ‘त्याने पैसे दिलेच’ म्हणजे देईल की नाही अशी शंका होती, तरी दिले. वाक्याची रचना फिरवताना हा ‘च’ जागा सोडतो आणि तिन्ही अर्थ एकमेकांत मिसळतात. नकाराचेही तसेच: ‘हे अयोग्य नाही’ याचा अर्थ ‘हे योग्य आहे’ इतका पक्का होत नाही. अर्ज ‘करावा’, ‘करावा लागेल’ आणि ‘करता येईल’ यांत सूचना, बंधन आणि मुभा इतके अंतर आहे.

शब्दागणिक बदल करणाऱ्या संगणकीय साधनांनी काय होते याचा पुरावा २०२१ साली गिलोम कबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव्ह या अभ्यासकांनी पुढे आणला. छापून आलेल्या इंग्रजी शोधनिबंधांत त्यांना ‘आर्टिफिशियल इंटेलिजन्स’ (कृत्रिम बुद्धिमत्ता) ऐवजी ‘काउंटरफिट कॉन्शसनेस’ (बनावट जाणीव) असले प्रयोग सापडले. ‘ब्रेस्ट कॅन्सर’ (स्तनाचा कर्करोग) चे ‘बूझम पेरिल’ (छातीचे संकट) झालेलेही अशा निबंधांत आढळले. उचलेगिरी पकडणाऱ्या प्रणालीला चकवण्यासाठी अशी साधने वापरली गेल्याचा त्यांना संशय होता. रुळलेली संज्ञा मोडली की तज्ज्ञालाही विषय ओळखू येत नाही. शिवाय शब्द बदलले तरी विचार, क्रम आणि मांडणी दुसऱ्याचीच राहते, तेव्हा मूळ लेखकाचा उल्लेख करणे सुटत नाही.

मग सूचना मोघम असेल तर करायचे काय? पहिल्यांदा तीन गोष्टी विचाराव्यात: वाचणार कोण, लांबी किती, आणि कशाला हात लावायचा नाही. उत्तर मिळण्यासारखे नसेल तर कमीत कमी ढवळाढवळ करणारा अर्थ धरावा. म्हणजे आशय तोच, लांबी जवळपास तेवढीच, सूर मूळचाच, वाक्यरचना नवी. आपण काय गृहीत धरले ते वर एका वाक्यात लिहून द्यावे. मजकूर मोठा असेल तर पहिल्या पाच-सहा ओळी दोन तऱ्हांनी लिहून दाखवाव्यात, एक साधी आणि एक औपचारिक. देणारा लगेच बोट ठेवतो आणि पुढचे श्रम वाचतात.

लिहायला बसण्याआधी मूळ मजकूर दोनदा वाचून न बदलायच्या गोष्टींखाली पेन्सिलने रेघ मारावी: नावे, आकडे, तारखा, संज्ञा, अवतरणचिन्हांतील वाक्ये. मग मुद्दे तुटक शब्दांत टिपावेत, मूळ कागद उलटा ठेवावा आणि फक्त टिपणावरून लिहावे. कागद समोर असला की नजर मूळ वाक्याकडे जाते आणि हात प्रतिशब्द शोधू लागतो. लिहून झाल्यावर दोन्ही मजकूर शेजारी ठेवून ताळा करावा, तोही एकदाच सगळा वाचून नव्हे. एका फेरीत फक्त आकडे आणि तारखा, दुसरीत ‘नाही’, ‘नये’, ‘वगळता’, ‘तरच’ हे शब्द, तिसरीत ‘करावे’ आणि ‘करता येईल’ अशी क्रियापदे, चौथीत सर्वनामे. शेवटी मोठ्याने वाचावे. उसना शब्द कानाला लगेच टोचतो.

सूचना देणाऱ्यांनीही एक पूर्ण वाक्य लिहावे, एवढी विनंती आहे. ‘हा ४०० शब्दांचा मजकूर आठवीच्या विद्यार्थ्यांसाठी सोप्या भाषेत, सुमारे २५० शब्दांत लिहा; नावे, आकडे आणि अवतरणे बदलू नका’ असे म्हटले की शंकेला जागा उरत नाही. प्रश्नपत्रिका काढणाऱ्यांनी ‘स्वतःच्या शब्दांत’ या दोन शब्दांपुढे गुण मुद्द्यांना आहेत की मांडणीला, हे छापावे, आणि पारिभाषिक शब्द जसाच्या तसा ठेवल्याबद्दल गुण कापले जाणार नाहीत हेही छापावे.

आपले,
संपादन आणि मुद्रितशोधनाचे काम करणारे काही वाचक