काकू, असुंता तुमच्यामुळे कळली

आदरणीय काकू,

‘असुंता स्पिना’ हा १९१५चा इटालियन मूकपट तुम्ही शेजारी बसून दाखवलात, त्याबद्दल सगळ्यांसमोर आभार मानायचे आहेत. पडद्यावर मजकुराची पाटी आली की तुम्ही ती लगेच मराठीत सांगायचात, तेही आवाज अजिबात नाटकी न करता. त्यामुळे माझी नजर माणसांवर राहिली.

नेपल्समध्ये लोकांच्या कपड्यांना इस्त्री करणारी असुंता आणि तिच्याशी लग्न ठरलेला खाटीक मिकेले. एका निनावी पत्राने संशय पेटतो आणि मिकेले तिच्या गालावर सुरा फिरवतो. तरी कोर्टात ती त्यालाच वाचवायला बघते! तिथे मी तुमच्याशी वाद घातला, असल्या माणसासाठी खोटं कशाला बोलायचं म्हणून. तुम्ही सिनेमा थांबवलात आणि एवढंच विचारलंत, “तिच्याकडे दुसरं काय आहे, सांग.”

मला उत्तर सुचलं नाही. पुढचा सिनेमा मी त्या प्रश्नासकटच पाहिला. मिकेलेला शिक्षा होते, त्याला दूर अवेल्लिनोला नेणार असतात. कोर्टातला फेदेरिगो त्याला नेपल्समध्येच ठेवायची सोय करतो, पण त्याची किंमत असुंतालाच मोजावी लागते. पुढे तिचाच जीव फेदेरिगोत गुंततो आणि तोवर त्याचं मन उडालेलं असतं. एरवी मी तिला नावं ठेवून मोकळी झाले असते. मिकेले लवकर सुटून येतो, फेदेरिगोचा खून करतो आणि तो गुन्हा असुंता स्वतःच्या अंगावर घेते.

“तिच्या शालीकडे बघ,” असंही तुम्ही म्हणाला होतात. असुंताचं काम करणारी फ्रांचेस्का बर्तिनी ती शाल कधी अंगाभोवती घट्ट ओढते, कधी खांद्यावरून सैल सोडते. पाटी नसली तरी मनात काय चाललंय ते समजतं. मिकेलेचं काम करणाऱ्या गुस्ताव्हो सेरेनाचं नाव दिग्दर्शक म्हणून लागलं, पण बरंचसं दिग्दर्शन आपणच केलं असं बर्तिनी म्हातारपणी सांगायची, हेही तुमच्याकडूनच कळलं. मला तिचं म्हणणं पटतं. या गोष्टीत असुंताची बाजू इतकी जवळून दिसते की दुसऱ्या कुणाला ते जमलं असतं असं वाटत नाही.

काकू, पाट्यांचा मराठी मजकूर तुम्ही वहीत उतरवून ठेवला आहे ना? मी तो टाइप करून देते. आईला हा सिनेमा दाखवायचाय.

तुमची,
शेजारची