चि. मनूस, गेम बंद करण्याआधी

नाशिक, रविवार रात्र

चि. मनूस अनेक उत्तम आशीर्वाद.

काल फोनवर तुझा आवाज बसलेला होता. "बाबा, शुक्रवारी आम्ही चौघं बसून ठरवणार आहोत, बहुतेक बंदच करू," एवढं सांगितलंस आणि लगेच आमची जेवणं झाली का म्हणून विचारायला लागलीस. मला फोनवर पटकन बोलायला सुचत नाही, तुला ठाऊक आहे. म्हणून लिहितोय. शुक्रवारच्या आत वाच.

तुम्ही चौघांनी बनवलेला गेम विकला गेला नाही, हे खरं आहे. त्यावर पांघरूण घालून तुझं समाधान होणार नाही, माझंही नाही. पण दीड वर्ष तुम्ही जे केलंत त्यात नेमकं काय चुकलं, हे न बघता कुलूप लावू नका, एवढंच मला सांगायचंय.

दिवाळीत तू तुझा प्लेस्टेशन 4 आणला होतास आणि मला रेसोगन लावून दिला होतास. "पार्लरमधली मशीनं तुम्ही दुरुस्त करायचात, तशातलाच गेम आहे, खेळून बघा," म्हणालीस. पहिल्या मिनिटाला मी म्हटलं, बटण दाबल्यावर विमान जरा मागून हलतंय. तू हसलीस, पण टीव्हीचं सेटिंग उघडून गेम मोड लावलास आणि फरक पडला. पिक्चर ट्यूबवर असा उशीर नसायचा गं. नवे टीव्ही चित्र गोजिरं करत बसतात, तोवर हाताची वेळ निघून जाते. सेकंदाला 60 चित्रं म्हणजे एकेका चित्राला जेमतेम 17 मिलिसेकंद. बोटांना तेवढंही कळतं.

त्या रात्री मी साडेबारापर्यंत खेळलो. गोल फिरणारं जग, दोन्ही दिशांनी उडणारं विमान, शत्रू फुटला की त्याचे हजार चौकोनी तुकडे. पण माझं मन बसलं ते दुसऱ्याच गोष्टीवर. हातातल्या कंट्रोलरच्या छोट्या स्पीकरमधून बाई सांगते की माणसं अडकली आहेत, त्यांना सोडव. नुसतं पाडत सुटायचं नाही, मध्येच कोणालातरी उचलून सुखरूप पोचवायचंय. तेव्हा तू मला सांगितलंस की हे मूळ डिफेंडरमधलं. शिकागोच्या विल्यम्स कंपनीचं 1981चं मशीन, यूजीन जार्विसनं बनवलेलं. त्यात जमिनीवर माणसं उभी असतात, शत्रू त्यांना उचलून वर न्यायला लागतो, आणि वर पोचला की त्याचा राक्षस होतो. वेळेत त्याला पाडलं तर माणूस खाली पडतो, त्याला हवेत झेलून जमिनीवर ठेवायचं. सगळी माणसं गेली तर ग्रहच फुटतो. चाळीसेक वर्षांपूर्वीच्या मशीनमध्ये एवढा जीव घातलाय म्हणून ते अजून लोकांच्या मनात आहे, असं मला वाटतं.

तेव्हापासून रेसोगन बनवणाऱ्या हाउसमार्क कंपनीबद्दल जिथे जे मिळेल ते मी वाचत आलो. तुझ्या टेबलामागच्या भिंतीवर त्यांचं पोस्टर आहे, म्हणून तुला हे सगळं पाठच असेल. तरी माझ्या नजरेनं एकदा बघ. हेलसिंकीची ही मंडळी. 1995मध्ये दोन छोट्या कंपन्या एक झाल्या आणि हाउसमार्क झाली. त्यातल्या एकीनं अमिगा कॉम्प्युटरवर 1993ला स्टारडस्ट काढला होता, तो 1979च्या अ‍ॅस्टेरॉइड्सच्या वळणावरचा. पुढे 2007ला तोच धागा धरून सुपर स्टारडस्ट एचडी, मग 2013ला रेसोगन. जुनं मशीन समोर ठेवून नुसती नक्कल केली नाही. त्या मशीनमध्ये हाताला नेमकं काय मिळत होतं ते शोधलं आणि तेवढंच नव्यात आणलं.

आणि मग 2017. त्यांचा नेक्स माकिना हा गेम. ज्या जार्विसच्या मशीनवरून हे लोक शिकले, तोच सल्लागार म्हणून त्यांच्याबरोबर बसला. त्याच्या रोबोट्रॉन या मशीनची गोष्ट मला फार आवडते. अपघातात त्याचा उजवा हात जायबंदी झाला होता, प्लास्टर होतं, गोळी झाडायचं बटण दाबता येईना. त्यातून त्याच्या डोक्यात दोन जॉयस्टिक आल्या. एकीनं चालायचं, दुसरीनं ज्या दिशेला ढकलू तिकडे गोळी. आज तुम्ही ज्याला ट्विन स्टिक म्हणता आणि गृहीत धरता, ते 1982मध्ये एका दुखऱ्या हातानं लोकांपुढे आणलं. तिथेही वाचवायला आई, बाबा आणि त्यांचं पोर. एकामागून एक वाचवत गेलं की पॉइंट हजारापासून पाच हजारांपर्यंत चढत जातात.

तर गुरू बरोबर, कारागिरी उत्तम, जाणकारांनी तोंड भरून कौतुक केलं, आणि गेम खपला नाही. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये हाउसमार्कनं जाहीर लिहिलं की आर्केड, म्हणजे पार्लरमधल्या मशीनच्या वळणाचा खेळ, मेलं. बावीस वर्षं ज्यावर काढली त्याबद्दल असं लिहिताना त्यांच्या पोटात काय कालवलं असेल, ते मला तुझ्या कालच्या आवाजावरून कळलं.

पण मनू, यापुढचा भाग लोक घाईत सांगतात, तू सावकाश बघ. आर्केड सोडल्यावर ते आधी बाजाराच्या मागे गेले. त्या वेळी पुष्कळ खेळाडूंच्या ऑनलाइन लढायांची लाट होती, म्हणून स्टॉर्मडायव्हर्स हाती घेतला. 2020च्या सुरुवातीला तो बाजूला ठेवला. मग 2021ला आला रिटर्नल. वरून बघितलं तर जुन्याशी काही संबंध नाही. मोठा, महागडा, गोष्ट असलेला, एका बाईच्या खांद्यामागून दिसणारा. पण मी त्याचे व्हिडिओ बघितले तेव्हा मला पहिल्यांदा दिसल्या त्या गोळ्या. अंधारात रंगीत दिव्यांसारख्या, रांगेनं, वर्तुळानं येणाऱ्या. कितीही गर्दी झाली तरी प्रत्येक गोळी दिसते. मेलं की पुन्हा पहिल्यापासून. अगं, हे तर पार्लरच! आर्केड मेलं म्हणणाऱ्यांनीच ते आत नेऊन ठेवलं होतं. त्याच वर्षी जूनमध्ये सोनीनं ती कंपनी घेतली आणि पुढच्या वर्षी ब्रिटनच्या बाफ्टा संस्थेचं सर्वोत्तम गेमचं पारितोषिक रिटर्नलला मिळालं.

सोनी येईल म्हणून वाट बघ, असं मी म्हणत नाही. तसं कोणाचं होतं आणि कोणाचं नाही. वेल्समध्ये जेफ मिंटर आहे, लामासॉफ्ट कंपनीवाला, मेंढ्या पाळतो आणि 1982पासून आर्केडच्या वळणाचे गेम करतो. तो मोठा झाला नाही आणि थांबलाही नाही. तोही रस्ता आहे. तुमचा कोणता ते तुम्ही चौघं ठरवा, त्यात मी पडणार नाही.

मला बोलायचंय ते तुमच्या तिसऱ्या लेव्हलबद्दल. त्यासाठी एक जुनी गोष्ट सांगावी लागेल. ती तुला मी कधी सांगितली नाही.

1989 साली मी मुंबईत एका व्हिडिओ गेम पार्लरमध्ये दुरुस्तीला होतो. जॉयस्टिकचे मायक्रोस्विच बदलायचे, ड्राय सोल्डर, म्हणजे सुटत आलेला टाका, शोधायचा, ट्यूबचे रंग जुळवायचे. रुपयाला एक टोकन. एक मशीन जोरात चालायचं, शाळा सुटली की पोरांची रांग. एक मुलगा रोज यायचा, नववी-दहावीतला असेल. एका टोकनवर वीस मिनिटं खेळायचा आणि मागे दहा जणं बघत उभी. मालकाला ती वीस मिनिटं खुपायला लागली. मला म्हणाला, आतून काहीतरी कर.

बोर्डावर डिप स्विच असतात, नखाएवढे, पांढरे. एकानं लाइफ कमीजास्त होतात, एकानं गेम अवघड होतो. मी पाठीमागचं झाकण काढलं, टेस्टरच्या टोकानं दोन स्विच सरकवले आणि झाकण लावलं. दोन मिनिटांचं काम. संध्याकाळी तो मुलगा आला. टोकन टाकलं, तीन-चार मिनिटांत संपला. पुन्हा टाकलं, पुन्हा तेच. मग त्यानं जॉयस्टिकवरचा हात काढून स्वतःच्या तळव्याकडे बघितलं. आपल्या हातालाच काहीतरी झालंय असं त्याला वाटलं, मनू. मी चार फुटांवर स्टुलावर बसून होतो आणि गप्प राहिलो.

आठवडाभर गल्ला वाढला. मग रांग आटली, आणि महिन्याभरात त्या मशीनवर धूळ बसायला लागली. स्विच मी पुन्हा पहिल्यासारखे केले, पण तो मुलगा परत आला नाही. पोरं अवघडाला घाबरत नाहीत गं, अवघडासाठीच तर येतात. पण मेल्यावर "च्यायला, मीच डावीकडे जायला हवं होतं" असं मनात यायला पाहिजे. ते आलं की दुसरं टोकन खिशातून आपोआप निघतं.

आता तुमचा गेम. पहिल्या दोन लेव्हल मी पंधरावीस वेळा खेळलो, आणि दर वेळी मेलो ते माझ्या चुकीनं. छान आहेत. तिसरीत पाठीमागे ती केशरी संध्याकाळ आहे, तुमच्या चित्रं काढणाऱ्या मुलानं जीव ओतलाय. पण शत्रूच्या गोळ्याही पिवळट-केशरीच आहेत. त्यात स्फोट झाला की सगळा पडदा उजळतो, त्या उजेडात गोळी येते आणि मी मरतो. कोणी मारलं ते कळत नाही. मी नऊ वेळा मोजलं, त्यातल्या सहा वेळा कळलं नाही. सातव्या वेळी मी माझ्या तळव्याकडे बघितलं.

तिथेच लोक सोडून गेले असतील असं मी खात्रीनं म्हणू शकत नाही. जाहिरात, किंमत, कधी बाजारात आणला, ही कारणंही असतील, ती तुम्हाला जास्त कळतात. पण कोण कुठल्या लेव्हलला थांबलं हे तुम्हाला तुमच्याकडे दिसतं, असं तूच म्हणाली होतीस. शुक्रवारी बसाल तेव्हा आधी तो आकडा काढा. तिसरीवर घसरगुंडी असेल तर दुखणं सापडलं. गोळ्यांना दुसऱ्या कशालाही न दिलेला असा एक रंग द्या, आणि स्फोटाच्या उजेडातही त्या सगळ्यात वर दिसू द्या. चित्र थोडं फिकट करावं लागेल, त्या मुलाला वाईट वाटेल. त्याला तू नीट समजावून सांग.

घसरगुंडी तिथे नसेल आणि चौघांनाही वाटलं की आता पुरे, तर बंद करा. मी एका शब्दानं विचारणार नाही. दुसऱ्यांचे अ‍ॅप करून देण्यात कमीपणा नाही, मी पस्तीस वर्षं दुसऱ्यांचेच टीव्ही उघडले. फक्त हा हात जपून ठेव.

पैशाचं म्हणशील तर, पोस्टातली ठेव पुढच्या महिन्यात सुटतेय. कोथरूडच्या फ्लॅटचं तीन महिन्यांचं भाडं त्यातून सहज निघेल. आईला विचारलंय, तिनंच आधी सुचवलं. हे कर्ज नाही, आणि गेम चालवूनच दाखवायला हवा अशी अटही नाही. नको असेल तर नको म्हण, मला राग येणार नाही.

थालीपिठाची भाजणी आणि लसणाची चटणी बांधून ठेवलीय, शेजारचे काका बुधवारी पुण्याला येतायत त्यांच्याबरोबर पाठवतो. रात्री जागतेस तेव्हा उपाशी राहू नकोस.

तिसऱ्या लेव्हलचं काही केलंत तर मला पाठव. टीव्ही गेम मोडवरच ठेवलाय.

तुझे,
बाबा