बेपत्ता माणसाचं जुनं गावही छापा

मा. संपादक महोदय,
स.न.वि.वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत काळाचा क्रम हरवण्याच्या एका कल्पित आजाराची कथा आली होती. त्या माणसाचे काल, आज आणि उद्या एकमेकांत मिसळतात आणि आज आपण कोणत्या दिवशी जागे झालो हे त्यालाच कळत नाही. माझ्या अकरावीतल्या मुलाने ती वाचली आणि विचारलं, "आई, नानांना हेच झालंय ना?" नाना म्हणजे माझे सासरे, वय ७२, एसटीचे निवृत्त चालक. मी अमळनेर तालुक्यात अंगणवाडी सेविका आहे. कथेतल्या माणसाला पुढचंही दिसतं. तेवढं सोडलं तर मुलाला मला नाही म्हणता आलं नाही.

नाना १९८८ सालात राहतात. त्यांना ते साल आठवतं असं नाही, ते तिथेच असतात. दुपारपर्यंत बरं असतं. दिवेलागणीला ओट्यावर येरझाऱ्या सुरू होतात आणि रात्री तीनला उठून ते खाकी शर्ट शोधू लागतात. "गाडीना टाईम व्हयी गया." मग विचारतात, "माय कोठे शे?" त्यांची आई १९९४ ला गेली. पहिल्यांदा मी खरं ते सांगितलं. ते हुंदके देऊन रडले आणि अर्ध्या तासाने पुन्हा तोच प्रश्न. पुन्हा सांगितलं, पुन्हा तसंच रडणं. तेव्हापासून मी "वावरात गेल्यात" म्हणते. एकाच मरणाचं दुःख रोज नव्याने त्यांच्या पदरात घालणं माझ्याने होत नाही.

यंदा आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आठवडाभर आधी ते पहाटे निघून गेले. नणंदा माहेरी यायच्या होत्या, निंबाला झोका बांधून झाला होता, घर जरा उशिरा झोपलं, आणि कडी लावायची राहिली. विहिरी पाहिल्या, मारुतीचं देऊळ पाहिलं, पाहुण्यांना फोन केले. पोलिसांत मिसिंग दाखल केली. उंची, रंग, अंगातले कपडे, सगळं विचारलं गेलं. दुसऱ्या दिवशी एका वृत्तपत्रात चार ओळी आल्या: "वेडसर वृद्ध बेपत्ता".

त्या ओळी नानांच्या जुन्या कंडक्टरने वाचल्या. ते आमच्याकडे आलेच नाहीत. मोटारसायकल काढून थेट १४ किलोमीटरवरच्या त्या गावी गेले, जिथे दोघांची मुक्कामी गाडी कित्येक वर्षं रात्री उभी असायची. आता तिथे गाडी मुक्कामी नसते. पण गाडी वळायची तो पिंपळ आहे आणि त्याचा पार आहे. पारावर नाना बसले होते, ओठ फुटलेले, पायाला फोड, वर रणरणतं ऊन. पारा ४४ वर असताना निरोगी माणूससुद्धा आमच्याकडे दुपारी बाहेर पडत नाही. "चला" म्हटलं तर उठेनात. मग कंडक्टरांनी हाताने पाराच्या दगडावर दोन टोले दिले, डबल बेल देतात तसे, आणि म्हणाले, "ड्युटी सरनी, नाना. चाला घर." तेव्हा नाना उठले.

दवाखान्यात कळलं की उन्हाने आणि उपाशीपोटी रक्तातलं सोडियम उतरलं होतं. सलाईन सुरू झाल्यावर दोन दिवसांत त्यांची जास्तीची बडबड थांबली. पण १९८८ गेलं नाही. डॉक्टरांनी दोन्ही गोष्टी वेगळ्या करून सांगितल्या. भ्रम एकाएकी, तासा-दिवसांत आला तर लगेच दवाखाना गाठायचा, कारण ताप, लघवीतला संसर्ग, सोडियम, डोक्याला लागलेला मार, असं काहीही असू शकतं आणि त्यातलं बरंच बरं होतं. हळूहळू वाढत गेलेला भ्रम तो स्मृतिभ्रंश, तरी त्यातही बी-१२ आणि थायरॉइड तपासून घ्यायचं. मला ते माझ्या रजिस्टरसारखं वाटलं. माझं सगळं काम तारखेवर चालतं, वजनाची तारीख, लसीची तारीख. नानांच्या रजिस्टरची पुढची पानं भरायचीच थांबली आहेत. शेवटचं नीट भरलेलं पान उघडतं, तोच त्यांचा आज.

इथे एक गोष्ट बोलायलाच हवी. आशाताई घरोघरी जो फॉर्म भरतात, त्यात साठीपुढच्यांना विचारतात की जवळच्या माणसांची नावं किंवा घरचा पत्ता विसरता का. नानांनी दोन्ही बिनचूक सांगितलं. साल मात्र त्यांना कोणी विचारलं नाही. डॉक्टरांच्या तपासणीत पहिले प्रश्न तेच असतात: साल, ऋतू, महिना, तारीख, वार. त्या दिवशी ते विचारले असते तर दोन वर्षं आधी कळलं असतं. ती दोन वर्षं आम्ही "वय झालं" म्हणत आणि एका भगताकडे नारळ ठेवत घालवली.

आता मुख्य विनंती. अशा बातम्या आपल्याही अंकात येतात. त्यात "वेडसर" हा शब्द कृपया नको, "स्मृतिभ्रंश आहे" असं लिहा. आणि सदऱ्याच्या रंगाखाली एक ओळ वाढवा: हा माणूस पूर्वी कुठे राहायचा, काय काम करायचा. ही माणसं बऱ्याचदा आजच्या पत्त्यावर सापडत नाहीत, ती जुन्या पत्त्याकडे निघालेली असतात. गिरणीचा कामगार गिरणीच्या फाटकाशी जाईल, केळीच्या बागेत राबलेला पहाटे मोटार सुरू करायला विहिरीवर जाईल. पोलिसांनीही मिसिंग लिहून घेताना हे विचारावं. आम्हाला कोणी विचारलं नाही, आणि खरं सांगायचं तर आमच्याही डोक्यात आलं नाही. ज्येष्ठांसाठी १४५६७ ही हेल्पलाइन आहे, तोही आकडा त्या बातमीखाली छापता येईल.

कंडक्टर आता गुरुवारी येतात. दोघं ओट्यावर बसून जुन्या थांब्यांची नावं ओळीने म्हणतात. नानांच्या सदऱ्याच्या खिशात मी चिठ्ठी शिवली आहे. तिच्यावर आमचा फोन आहे, आणि खाली दोन गावं: आमचं, आणि पिंपळाचं.

आपली,
एक अंगणवाडी सेविका
(अमळनेर तालुका, जि. जळगाव. कृपया नाव प्रसिद्ध करू नये.)