कॅसेट वाचवणाऱ्या दादांस

सप्रेम नमस्कार.

मुंबई दूरदर्शनवरच्या त्या जुन्या गाण्यांच्या कार्यक्रमाची घरी टेप केलेली ई-१८० कॅसेट, म्हणजे तीन तासांची व्हीएचएस व्हिडिओ कॅसेट, डिजिटल फाइल करून घ्यायला तुमच्याकडे आली, तेव्हा खिडकीतूनच रिळाच्या कडेला पांढरी बुरशी दिसत होती. तशीच व्हीसीआरमध्ये ढकलली असती, तर बुरशी टेप वाचणाऱ्या हेडला लागली असती आणि तिथून पुढच्या प्रत्येक कॅसेटला. तुम्ही आधी टेप मऊ कोरड्या कापडातून सावकाश फिरवून पुसलीत, मग मागचे पाच स्क्रू काढून रिळं चांगल्या कवचात बसवलीत. किती पावसाळे खाल्लेली कॅसेट ती, तिला घाई चालत नाही.

खालची कड चुरगळलेली होती. टेपची चाल चित्राशी जुळवणारी खुणांची पट्टी, म्हणजे कंट्रोल ट्रॅक, तिथेच असतो, म्हणून चित्र उड्या मारत होतं. आवाजाची पट्टी वरच्या कडेला, ती शाबूत होती. उलट झालं असतं तर गायिकेचे नुसते ओठ हलताना बघावे लागले असते! तरी आवाज दबका होताच. ऑडिओ हेडचा अ‍ॅझिमथ (टेपशी असलेला कोन) ठरवणारा स्क्रू किंचित फिरवल्यावर तो मोकळा झाला.

फाइल करताना चांगल्या चित्रासाठी एस-व्हिडिओची जोडणी, थरथर काढणारा टाइम बेस करेक्टर, ७२० बाय ५७६ बिंदूंचं चित्र, काहीही न गमावणारी एफएफव्ही१ साठवण हे सगळं यथासांग केलंतच. पाहण्याच्या प्रतीत सेकंदाला चित्राच्या ५० चौकटी (फ्रेम) ठेवल्यात, हे विशेष. २५ वर आणल्या की तबलजीची बोटं जड वाटायला लागतात.

पण खरे आभार वेगळ्याच गोष्टीचे. विरहाच्या त्या भावगीतात रुसवा कुठेच नाही, वेळेवर बोललो नाही याची चुटपूट तेवढी आहे. दुसऱ्या अंतऱ्याआधी गायिका थांबते. तानपुरा चालू असतो, ती श्वास घेते, आणि मग शब्द येतो. खरखर काढणारा फिल्टर तानपुऱ्याची गुंजसुद्धा खरखरच समजतो; जोरात लावला की श्वासही जातो आणि गाणं सरळ पुढच्या ओळीवर आदळतं. तुम्ही तो लावला नाहीत. खरखर राहिली, राहू दे.

त्या काळी टेप महाग, त्यामुळे जगभरच्या टीव्ही केंद्रांवर कार्यक्रम पुसून तीच टेप पुन्हा वापरत. अशा वेळी घरच्या कॅसेटवर उरलेलं एखादं गाणंही मोलाचं.

फाइल दोन वेगळ्या डिस्कवर ठेवली आहे. मूळ कॅसेट टाकलेली नाही. पूर्ण गुंडाळून, पुस्तकासारखी उभी, कोरड्या कपाटात आहे.

आपले,
त्या कार्यक्रमाचे जुने प्रेक्षक