विषय: विकत घेतलेलं ई-बुक माझ्या खात्यातून काढून टाकल्याबद्दल

व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग,

तुमच्या प्रतिनिधीशी चौथ्यांदा बोलून आत्ताच फोन ठेवला. आता फोन करणार नाही, म्हणून लेखी देते आहे.

वनस्पतींवरच्या त्या ई-बुकची विशेष आवृत्ती मी तीन वर्षांपूर्वी घेतली. फक्त 500 प्रती, असं तुम्हीच जाहीर केलं होतं. 'शेवटच्या 11 शिल्लक' हे लाल अक्षरांत दिसत होतं, म्हणून साध्या आवृत्तीच्या दुप्पट पैसे मोजले. फाइलची कॉपी काढली तर मूळ फाइलचा एक बाइटही झिजत नाही. टंचाई होती ती तुम्ही ठरवलेली. तरी तिची किंमत मी दिली. बटणावर 'विकत घ्या' असं लिहिलं होतं, 'भाड्याने घ्या' नव्हे.

मागच्या सोमवारी मुखपृष्ठाच्या जागी करडा चौकोन दिसला. प्रकाशकाशी करार संपला, एवढंच पहिल्या तीन फोनांत कळलं. आज विचारलं, "मग माझ्या टिपांचं काय?" उत्तर आलं, "मॅडम, पुस्तक तुमचं नव्हतंच. वाचायची परवानगी होती. आणि इथे दिसतंय की तुमचं शंभर टक्के वाचून झालंय."

वाचून झालंय! मी कितव्या पानापर्यंत पोचले, याची नोंद तुमच्याकडे अजून आहे. त्याच पानांवर मी लिहिलेल्या 340 टिपा मात्र मिळणार नाहीत. मला पुढे बोलवेना, तर वर विचारलं, "आणखी काही मदत करू का?"

2009 मध्ये ॲमेझॉनने जॉर्ज ऑर्वेलची दोन पुस्तकं लोकांच्या किंडलवरून परस्पर पुसली होती, पण पैसे परत केले होते. 2019 मध्ये मायक्रोसॉफ्टने ई-बुकांचं दुकान गुंडाळलं तेव्हा पैसे दिलेच, शिवाय पुस्तकांत टिपा लिहिणाऱ्यांना 25 डॉलर जादा दिले. टिपांनाही मोल असतं, हे त्यांना कळलं. कॅलिफोर्नियात तर 2025 पासून, नुसता परवाना विकताना तसं स्पष्ट न सांगता 'विकत घ्या' म्हणायला कायद्याने मनाई आहे. तुमच्या बटणावर आजही तेच शब्द आहेत.

पंधरा दिवसांत विशेष आवृत्तीची पूर्ण रक्कम आणि माझ्या टिपांची फाइल पाठवा. नाहीतर पावती आणि त्या जाहिरातीचा स्क्रीनशॉट घेऊन मी ग्राहक न्यायालयात जाईन. तुमच्याकडून घेतलेली आणखी 62 पुस्तकं माझ्या खात्यात आहेत. त्यांतली माझी किती, हेही लेखी कळवा.

एक ग्राहक