प्लग काढला होता की, काका!

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मिरजेत बरीच वर्षं मी कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान चालवतो. गेल्या आठवड्यात अकरावीतला एक मुलगा पिशवीतून एसएमपीएस, म्हणजे कॉम्प्युटरला वीज पुरवणारा डबा, घेऊन आला. झाकण उघडलेलं, स्क्रू चहाच्या कागदी कपात. मोबाइलवर व्हिडिओ बघून घरीच दुरुस्तीला बसला होता. "आत हात घातलास का रे?" तर म्हणे, "प्लग काढला होता की, काका!"

आतल्या, वीज साठवणाऱ्या मोठ्या कपॅसिटरला मीटर लावला. १८० व्होल्ट! मुलगा गप्प. मीही २००३ साली असंच म्हणालो होतो, डाव्या बोटावर डाग आहे अजून.

घरातली २३० व्होल्टची एसी वीज आत डीसी होते तेव्हा ती सव्वातीनशेच्या घरात जाते आणि त्या कपॅसिटरमध्ये साठते. ती उतरवायला शेजारी रेझिस्टर असतो, पण तोच जळलेला असला तर? शिवाय एसएमपीएस मेलेला असला की साठलेला करंट ओढायला पुढे कुणी नसतं. म्हणून बंद पडलेला डबा चालू डब्याइतकाच फसवा. काहीजण स्क्रूड्रायव्हर टेकवून ठिणगी काढतात, तेही नको. आम्ही होल्डरमधल्या ४० वॅटच्या बल्बच्या वायरी टेकवतो आणि मग पुन्हा मीटरने बघतो.

खरं तर तपासायला झाकण उघडावंच लागत नाही. मदरबोर्डचा चोवीस पिनांचा कनेक्टर काढायचा आणि मीटर लावायचा. जांभळ्या वायरवर बंद असतानाही ५ व्होल्ट हवेत. तिथेच काही नसेल तर हिरवी-काळी जोडून उपयोग शून्य. जांभळी ठीक असेल तर हिरवी काळीला जोडायची, पंखा फिरतो. बहुतेकजण इथेच खूश होतात. पण एखादी जुनी हार्ड डिस्क लावून बघा: पिवळीवर ११.४ ते १२.६, लालवर ४.७५ ते ५.२५. रिकाम्या डब्यावर बारा दाखवणारे लोड आला की साडेदहावर बसलेले मी किती पाहिलेत!

पंखा अडकला असेल किंवा आउटपुटचे कपॅसिटर फुगले असतील, तर दुरुस्ती परवडते. फ्यूज काळा होऊन उडाला असेल तर आत काहीतरी शॉर्ट आहे. तिथे तांब्याची तार गुंडाळणाऱ्यांना काय म्हणावं? सिरीज बल्ब लावून, म्हणजे येणाऱ्या विजेच्या एका वायरीत मध्येच बल्ब जोडून, चालू करा. बल्ब झळकून मावळला तर बरं, पेटूनच राहिला तर ताबडतोब बंद करा.

आपल्या पुरवणीत 'घरच्या घरी दुरुस्ती' छापता, तिथे कपॅसिटरमधली वीज उतरवण्याची चौकट ठळक अक्षरात टाकावी, एवढीच विनंती.

त्या मुलाचा एसएमपीएस काही वाचला नाही. पंखा मात्र चांगला होता, तेवढा काढून त्याला दिला.

आपला,
एक वाचक, मिरज